लाल पट्टीची ब्लँकेटं

माझी लेक म्हणते, आई, तू जन्मलीस तेव्हा सुईणीवरही संशय घेतला असशील. म्हणू दे. तीस वर्षं नौदलाच्या तळासमोर लॉन्ड्री चालवायची तर डोळे उघडे आणि तोंड बंद ठेवावं लागतं. कोणाच्या खिशात काय राहिलं, कोणाच्या कॉलरला कसला डाग आहे, कोणाचा पांढरा गणवेश आठवड्यातून तीनदा धुवायला येतो, सगळं मला दिसतं. बोलत मात्र मी कधीच नव्हते. एकदाच बोलले, आणि लेकीचा संसार मोडायला आला.

आमची लॉन्ड्री खाली, वर दोन खोल्या आणि स्वयंपाकघर, त्याच्यावर गच्ची. रस्ता ओलांडला की तळाची उंच भिंत. भिंतीवर काटेरी तार, आणि तारेच्या वर जहाजांचे करडे मनोरे दिसतात. डाव्या हाताला तळाचं फाटक आणि पहाऱ्याची खोली. उजव्या हाताला रस्ता टेकडीवर चढतो, तिथे नाविकांच्या कुटुंबांची वसाहत. म्हणजे नवरे भिंतीच्या आत, बायका टेकडीवर, आणि त्यांचे मळलेले कपडे घेऊन मी मध्ये.

जहाजांची खरी नावं आम्ही घेत नाही. त्यांचं लॉन्ड्रीत काही कामच नसतं. प्रत्येक जहाजाच्या कपड्याला एका रंगाच्या दोऱ्याचे चार टाके घातले की गठ्ठे मिसळत नाहीत. ब्लँकेटाच्या लोकरीत दोरा बुडून जातो, म्हणून त्याला कोपऱ्यात वीतभर कापडाची पट्टी टाचतो. त्यामुळे आमच्यापुरती धक्क्याला तीनच जहाजं, लाल, पिवळं आणि हिरवं. लालवरचे लोक चादरींना सिगारेटची भोकं पाडतात. हिरव्याचा कप्तान इतका टापटिपीचा की उशीच्या खोळीलाही घडीची रेघ मागतो. पिवळ्याबद्दल बोलण्यासारखं काही नाही, त्यांचं सगळं वेळच्या वेळी येतं आणि जातं.

पूर्वी जहाज निघायचं तेव्हा फाटकावर तारीख लागायची. बायकामुलं धक्क्यापर्यंत जायची, बँड वाजायचा, रडारड व्हायची. गेल्या वर्षी समुद्रावर कुरबुरी सुरू झाल्या आणि तारखा गुप्त झाल्या. नाविकानं स्वतःच्या बायकोलाही सांगायचं नाही. सकाळी नेहमीसारखा ड्यूटीवर गेलेला माणूस तीन महिन्यांनी घरी यायचा. मला त्या बायकांचं वाईट वाटायचं, पण नियम तो नियम. मी त्यांना कधी चकार शब्दानं काही सांगितलं नाही.

आणि तरी पिवळं निघालं त्या सकाळी बंदराच्या दगडी बांधावर चाळीस बायका उभ्या होत्या. बांध शहराचा आहे, तिथे कोणीही उभं राहू शकतं. त्यांनी पोरांना खांद्यावर घेतलं होतं, कोणी ओढण्या हलवत होत्या. काही तर दुसऱ्या गावांहून पहिल्या बसनं आल्या होत्या. कप्तानानं म्हणे जहाजावरून ते पाहिलं आणि लगेच तळावर कळवलं.

त्याच दुपारी तळाचा सुरक्षा अधिकारी माझ्या काउंटरसमोर येऊन उभा राहिला. हडकुळा, शांत माणूस. त्याचे सदरे मीच धुते आणि त्याच्या सदऱ्याला घामाचा वास म्हणून येत नाही. अशा माणसापासून मी जरा लांबच राहते. त्यानं विचारलं, जहाज निघणार हे तुम्हाला कळतं का. मी खोटं कशाला बोलू? म्हटलं, कळतं, दोन-तीन दिवस आधी सगळं घाईनं धुवायला येतं. पण माझ्या दुकानातून शब्द बाहेर जात नाही. तो म्हणाला, शब्द कुठूनतरी गेलाच आहे, आणि तो या रस्त्यावरून गेला असेल तर या रस्त्यावरच्या सगळ्यांचे तळात शिरायचे पास जातील.

मग त्यानं घरातल्यांची चौकशी केली. मी म्हटलं, लेक आणि जावई.

"जावई धक्क्यावर असतो ना?" तो म्हणाला.

मी अजून काही सांगितलं नव्हतं. त्याच्या वहीत ते आधीच लिहिलेलं होतं. तो गेल्यावर मी एक सदरा इस्त्री करायला घेतला आणि बाही जाळली. तीस वर्षांत मी बाही जाळली नव्हती.

जावई म्हणजे दहावा ग्रह असं म्हणतात. माझा ग्रह दोन वर्षांपासून वरच्या खोलीत राहत होता. धक्क्यावर जहाजांचे दोर बांधायचं आणि सोडायचं काम करायचा. हात दोरांनी सोललेले, बोलणं कमी, मला आई म्हणायचा, जेवलेलं ताट स्वतः घासायचा. दोन वर्षांत मला त्याची एक चूक सापडली नव्हती. आता अशा माणसाचं काय करायचं, तुम्हीच सांगा. ज्याची चूक सापडत नाही तो ती लपवतो, असं माझं आपलं मत.

आणि गेला महिनाभर कुठंतरी पाणी मुरत होतं. तो जिन्यात बसून फोनवर हळू आवाजात बोलायचा आणि माझी चाहूल लागली की गप्प व्हायचा. पाळी सुटल्याचा भोंगा चारला होतो, धक्क्यावरून घर सहा मिनिटांवर, आणि हा पावणेपाचला उगवायचा. विचारलं तर म्हणायचा, जरा चालून आलो. आठ तास धक्क्यावर उभा राहिलेला माणूस चालायला जातो? लेकीला विचारलं तर ती माझ्याकडे न बघता म्हणाली, "जाऊ दे ना आई." मला वाटलं, बिचारीला काही ठाऊकच नाही.

माझी काळजी एकच होती, आणि ती लॉन्ड्रीची नव्हती. हा माणूस जर खरंच बातम्या विकत असेल, तर पकडला जाणार, आणि जाताना माझ्या पोरीला घेऊन जाणार. बायकोला माहीत नव्हतं यावर कोण विश्वास ठेवतो? मी तरी ठेवला नसता.

म्हणून एका दुपारी मी त्याच्या मागे गेले. दुकान इस्त्रीवाल्या बाईवर सोपवलं, डोक्यावर पदर घेतला आणि फाटकासमोरच्या थांब्यावर बसची वाट पाहत असल्यासारखी उभी राहिले. भोंगा झाला, तो बाहेर आला, आणि घराकडे न वळता पोस्टाच्या मागच्या गल्लीत शिरला. तिथे जाड भिंगाचा चष्मा लावलेली एक बाई उभी होती. त्यानं टोपीच्या आतून घडी घातलेला कागद काढून तिला दिला. तिनं तो उलगडून वाचला, मान हलवली, पर्समध्ये टाकला. मी टपालपेटीच्या आड होते. मला एवढंच ऐकू आलं, "परवापर्यंत नक्की."

त्याच दिवशी सकाळी हिरव्या जहाजाचं सगळं सामान घाईनं धुवायला आलं होतं. म्हणजे हिरवं परवा निघणार होतं. घरी येऊन मी त्याच्या पुढ्यात चहा ठेवला आणि विचारलं, आज कुठे चालून आलात जावईबापू. म्हणाला, असंच, बाजारापर्यंत. मांजर डोळे मिटून दूध पितं, त्याला वाटतं कोणी बघत नाही.

दोन दिवसांनी हिरवं निघालं. बांधावर पन्नास बायका होत्या.

त्या दिवशी दुपारी मी बाहेरचे कपडे घातले, अधिकाऱ्याचे इस्त्री केलेले सदरे कागदात बांधले आणि स्वतः फाटकावर घेऊन गेले. एरवी माल पोचवायला आमचा माणूस जातो. अधिकाऱ्याच्या खोलीत एक टेबल, दोन खुर्च्या आणि बंद खिडकी. मी बसले आणि पहिलं वाक्य बोलले ते हे की माझ्या लेकीला यातलं काहीही ठाऊक नाही, हे आधी लिहा. त्यानं लिहिलं. मग मी सगळं सांगितलं. जिन्यातला फोन, उशीर, टोपीतला कागद, चष्मेवाली बाई, परवापर्यंत. त्यानं विचारलं, तुमची खात्री आहे? मी म्हटलं, डोळ्यांनी पाहिलंय. उचलली जीभ लावली टाळ्याला, असं मी दुसऱ्यांना आयुष्यभर ऐकवत आले.

"माझं नाव त्याच्यापर्यंत जाणार नाही ना?" मी विचारलं.

"इथून कोणाचंच नाव बाहेर जात नाही," तो म्हणाला.

दुसऱ्या दिवशी सकाळी जावई कामावर गेला आणि परत आला नाही. संध्याकाळी दोघंजण येऊन सांगून गेले, चौकशीसाठी ठेवून घेतलंय, किती दिवस ते सांगता येत नाही. त्यांनी वरची खोली उचकली, गादीखाली पाहिलं, लेकीच्या कपड्यांच्या पेटीतही हात घातला. ती भिंतीला टेकून उभी होती. मला वाटलं रडेल, ओरडेल. ती फक्त माझ्याकडे बघत राहिली. मी तिला जवळ घ्यायला गेले तर म्हणाली, आई, मला जरा एकटीला राहू दे.

मग ती रोज सकाळी फाटकावर जाऊन उभी राहायला लागली. पहारेकरी तिला रस्त्याच्या पलीकडे व्हायला सांगायचे, म्हणजे आमच्याच दारात. तिथून ती फाटकाकडे बघत बसायची. गिऱ्हाइकं तिला वळसा घालून आत यायची. रस्त्यावरच्या लोकांना बातमी लागायला कितीसा वेळ? पाववाल्यानं पाव देताना पिशवी काउंटरवर ठेवली, हातात दिली नाही. मला वाटलं होतं मी तिला वाचवतेय, आणि लोक तर आत्तापासूनच तिला त्याच्यासोबत मोजत होते. मला जेवण जाईना. तरी मी स्वतःला बजावत होते, आज दुखतंय पण फोड फुटला हे बरंच झालं.

त्याला नेलं त्याच्या तीन दिवसांनी लाल जहाजाचं सामान आलं. गणवेश, चादरी, टेबलावरची कापडं आणि सगळी ब्लँकेटं. नेहमीचीच गडबड. आम्ही दोन दिवस घासलं, पिळलं, वाळवलं, घड्या घातल्या. तिसऱ्या दिवशी लाल निघणार हे मला कळलं होतं, आणि जावई आत होता. म्हणजे यावेळी बातमी बाहेर जायला माणूसच नव्हता.

तिसऱ्या दिवशी पहाट झाल्या झाल्या मी बांधाकडे निघाले. रस्ताभर माझ्या मनात एकच होतं, बांध रिकामा असू दे. हे मी आज लिहितेय तेव्हा मला लाज वाटते. माझ्या लेकीचा नवरा गुन्हेगार ठरावा म्हणून मी देवाला विनवत होते, कारण तो तसा नसेल तर मी काय केलं होतं?

बांध भरलेला होता. पंचेचाळीस तरी बायका असतील, पोरं वेगळी. फ्लास्कमधून चहा ओतून एकमेकींना देत होत्या. लालवरच्या स्वयंपाक्याची बायको माझ्या ओळखीची, वसाहतीत तिसऱ्या मजल्यावर राहते. मी तिला दंड धरून बाजूला नेलं आणि विचारलं, आज जहाज निघणार हे तुला सांगितलं कोणी? ती हसायला लागली.

"तुम्हीच की, मावशी."

मी म्हटलं, थट्टा करू नकोस. ती म्हणाली, थट्टा कसली, आणि मला लहान पोराला सांगावं तसं सांगितलं. चादरी दर आठवड्याला वाळतात. पण ब्लँकेटं तुमच्या गच्चीवर एरवी कधी दिसतात का? समुद्रावर गोडं पाणी मोजून मिळतं, तिथे ब्लँकेट धुता येत नाही, म्हणून जहाज निघायच्या आधीच ती सगळी धुवायला येतात. माझ्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून तुमची गच्ची समोर. लाल पट्टीची ब्लँकेटं वाळत पडली की तिसऱ्या दिवशी लाल निघतं. फाटकावर तारीख लागायच्या आधीच माझ्या सासूलाही सासऱ्यांचं जाणं असंच कळायचं. ज्यांची माहेरं लांब आहेत त्यांना आम्ही त्याच दिवशी फोन करतो.

"आम्हाला वाटायचं तुम्ही मुद्दाम वसाहतीच्या बाजूला घालता," ती म्हणाली. "सगळ्याजणी तुम्हाला आशीर्वाद देतात."

काखेत कळसा आणि गावाला वळसा. तीस वर्षं मी तोंडाला कुलूप घालून बसले आणि गच्चीवर जहाजांची जाहिरात लावत होते. ऊन त्या बाजूला चांगलं येतं म्हणून. आणि दुसऱ्या गावांहून बायका यायच्या म्हणजे बातमी दोन-तीन दिवस आधी फुटत होती, जावयाला तर दोर सोडायचा हुकूम आदल्या संध्याकाळी मिळायचा. हा साधा हिशोब मला जमला नाही, कारण मला तो जमवायचाच नव्हता. लाल जहाज बांधावरून पुढे गेलं तेव्हा बायकांनी हात हलवले. मी तिथे थांबले नाही.

बांधावरून मी थेट फाटकावर गेले. वाटेत एकदा मनात आलं की हे सांगितलं तर माझं निम्मं काम जाईल. पण रस्त्याच्या पलीकडे आमच्या दारात लेक फाटकाकडे बघत बसलेली दिसली, आणि मग मला काही विचार करायची गरज राहिली नाही.

अधिकाऱ्यानं माझं सगळं ऐकून घेतलं. मग उठून माझ्याबरोबर आमच्या गच्चीवर आला. दोऱ्यांपाशी उभा राहून वसाहतीच्या खिडक्यांकडे बराच वेळ बघत राहिला, एक खिडकी उघडली, कोणीतरी बाई आम्हाला बघून आत सरकली. तो म्हणाला, ब्लँकेटं यापुढे तळाच्या आतच धुतली जातील. बाकीचं काम सहा महिने बघून ठरवू. मी म्हटलं, माझा जावई? तो म्हणाला, दुपारी येईल. जिना उतरताना तो पुढे म्हणाला की तुमचं नाव कुठे गेलेलं नाही. मला वाटलं, सुटले.

जावई दुपारी आला. सहा दिवसांत गाल आत गेले होते. लेक धावत गेली, तर त्यानं तिचा हात हळूच दूर केला आणि माझ्यापाशी येऊन वाकला.

"आई, साहेबांनी मला सांगितलं. स्वतःचं काम जाईल हे माहीत असून तुम्ही खरं बोललात, म्हणून मी सुटलो."

मी म्हटलं, आधी जेवून घ्या. त्यानं जेवून घेतलं, ताट घासलं, आणि झोपायला खाली लॉन्ड्रीत गठ्ठ्यांवर गेला.

दुसऱ्या दिवशीही तेच, तिसऱ्या दिवशीही तेच. पास परत मिळाला होता, तो कामावर जायचा, चार वाजून सहा मिनिटांनी घरी यायचा. माझ्याशी हवापाण्याच्या गोष्टी करायचा. लेकीनं चहा दिला तर तसाच निवत ठेवायचा, मी दिला तर प्यायचा. ती काही विचारायची, तर तो भिंतीकडे बघायचा. लेकीचे डोळे सुजले होते पण ती तोंडातून ब्र काढत नव्हती. मी तिला विचारलं, काय झालंय गं तुमच्यात? ती म्हणाली, "काही नाही आई. तू सांग, काय झालंय?" मला तिच्या बोलण्याचा अर्थ लागला नाही. की लागला होता आणि मी लावून घेतला नाही, देव जाणे.

रविवारी दुपारी दुकान बंद होतं. लेक मागच्या टेबलावर घरच्या कपड्यांना इस्त्री करत होती. जावई हातात बॅग घेऊन जिन्यावरून खाली आला आणि मला म्हणाला, काही दिवस धक्क्यावरच्या जोडीदाराकडे राहायला जातो. मी विचारलं, काही दिवस म्हणजे किती? त्यानं बॅग दुसऱ्या हातात घेतली. मी म्हटलं, भांडण झालं असेल तर बसून बोला, नवराबायकोचं भांडण असं बॅग भरण्याइतकं मोठं नसतं.

"भांडण नाही आई," तो म्हणाला. "मला आत सहा दिवस एकच गोष्ट विचारत होते. पोस्टामागे चष्मेवाल्या बाईला कागद काय दिला. टोपीतून काढला, हेही त्यांना माहीत होतं."

मी विचारलं, काय होतं त्या कागदात?

तो खाली बघत म्हणाला, ती बाई खोल्या भाड्यानं देते. खोलीचा अर्ज होता, आतही रोज हेच सांगितलं, पण त्यांना पटेना. परवापर्यंत जामीनदाराची सही आणून देतो असं तिला सांगितलं होतं. आम्हाला वेगळं राहायचं होतं आई, तुम्हाला आधी सांगितलं असतं तर वाईट वाटलं असतं, म्हणून खोली पक्की झाली की सांगणार होतो. जिन्यात त्यासाठीच फोन करायचो.

मग त्यानं पहिल्यांदा इस्त्रीच्या टेबलाकडे पाहिलं.

"हे मी फक्त हिला सांगितलं होतं. बाईचा चष्मासुद्धा. दुसऱ्या कोणालाही नाही. आता तुम्हीच सांगा, साहेबांना कोणी सांगितलं असेल?"

लेक एक उशीची खोळ इस्त्री करत होती. ती कधीच झाली होती, तरी तिच्यावरून इस्त्री फिरवत होती. तिनं मान वर केली नाही.

मी गप्प राहू शकले असते. हा विचार माझ्या मनात आला, तो मी लपवणार नाही. मी गप्प राहिले तर हा जाईल, त्याच्याबरोबर खोलीही जाईल, आणि लेक माझ्याजवळ राहील. अधिकारी बोलणार नव्हता. दुसरं कोणाला माहीत नव्हतं. एवढा विचार करायला किती वेळ लागतो? इस्त्री टेबलाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत गेली, तेवढाच.

"मी सांगितलं," मी म्हणाले. "तुमच्या मागे मी आले होते. टपालपेटीच्या आड उभी होते. तिला काही ठाऊक नाही, तिनं काही केलेलं नाही. सगळं मी केलं."

त्याच्या हातातली बॅग हळूहळू खाली टेकली. मला वाटलं आता तो मला काही बोलेल, आणि ते मला हवं होतं. पण तो माझ्याकडे बघतच नव्हता. तो तिच्याकडे बघत होता.

"तुला माहीत होतं?"

"पहिल्या दिवसापासून," लेक म्हणाली. तिनं इस्त्री उभी करून ठेवली. "आई साहेबांचे सदरे घेऊन स्वतः गेली, ते मी खिडकीतून पाहिलं होतं. ती कधी जात नाही. दुसऱ्या दिवशी तुला धरलं."

"मग बोलली का नाहीस? मी तुला काय काय समजलो..."

"काय सांगू? माझी आई आहे ती."

ती मग माझ्याकडे वळली. मला वाटलं होतं ती चिडेल. तिचा चेहरा नुसता थकलेला होता. "मला वाटलं, तू स्वतः सांगशील," ती म्हणाली. "तो आल्यापासून रोज सकाळी उठले की वाटायचं, आज सांगेल."

मी रडले. आपलेच दात आणि आपलेच ओठ, दोष कोणाला देणार? जावयानं मला पाणी आणून दिलं, तो तसाच माणूस आहे. मग तो लेकीजवळ गेला, तिच्या हातातली खोळ काढून घेऊन घडी घातली, आणि दोघं वर गेली. वर बराच वेळ त्यांच्या बोलण्याचा आवाज येत होता. मी जिन्यापाशी गेले नाही.

पुढच्या आठवड्यात ती दोघं निघाली. सामान फारसं नव्हतं, एक पलंग, दोन पेट्या, तिची शिवणाची मशीन. जावयानं हातगाडीवर सगळं रचून दोर असा आवळला की काहीही हललं नसतं. मी लेकीला पावाची पिशवी दिली, तिनं घेतली. मी म्हटलं, पत्ता तरी लिहून ठेव, काही लागलं तर. तिनं नवऱ्याकडे पाहिलं. तो दोराची गाठ पुन्हा एकदा तपासत होता.

"सांगू नंतर, आई," लेक म्हणाली.

आवाजात राग नव्हता. तळावरची माणसं तारखेबद्दल विचारलं की ज्या आवाजात उत्तर देतात, त्याच आवाजात ती बोलली.

याला आता चार महिने झाले. लेक दर रविवारी येते. चहा पिते, माझे गुडघे कसे आहेत विचारते, कपाटात औषध आहे का बघते. तो कधी कधी नमस्कार सांगतो. पत्ता तिनं सांगितला नाही आणि मी विचारला नाही. पाच वाजता ती उठते आणि जिना उतरते. आमच्या खिडकीतून रस्ता दोन्ही बाजूंना लांबवर दिसतो, ती डावीकडे वळते की उजवीकडे, हे बघायला मला नुसतं उठावं लागेल. तिची पावलं ऐकू येईनाशी होईपर्यंत मी खिडकीकडे पाठ करून बसते.